शेजारच्या खुर्चीचं मत

बटण मी हिरवंच दाबलं होतं. फळ्यावर लाल लागलं. माझ्या नावापुढं नव्हे हं, माझ्या नावापुढं हिरवाच ठिपका होता, कोवळ्या गवतासारखा. लाल लागला तो तिखोनच्या, तिखोन मकारोविचच्या नावापुढं. आणि तिखोन तर सभागृहात नव्हताच. तो दवाखान्यात पडलेला, नाकात नळी, आणि त्याचं मतदानाचं कार्ड त्याच्या बाकाच्या फटीत सकाळी मीच खुपसलेलं. यात आमच्याकडं कुणाला काही वाटत नाही. कायद्यात बसत नाही म्हणतात, पण कायदे करणारे आम्हीच, त्यामुळं कुणी बोलत नाही. शेजारी आजारी पडला, गावाला गेला, बाईकडं गेला, तर त्याचं बटण शेजाऱ्यानं दाबायचं. एकेक बहाद्दर तर चार-चार बाकांवरून हात फिरवतो, पेटी वाजवावी तसा. मी आपला साधा माणूस. उजवा हात माझ्या बाकावर, डावा तिखोनच्या. समोर रोस्तिक उभा राहतो, आमच्या गटाचा मुकादम म्हणा. त्यानं पंजा वर केला की हिरवं, खाली केला की लाल. पंजा वर होता. माझ्या डाव्या हाताची दोन बोटं तरुणपणी उडालेल्या लोखंडानं मेलीत, त्यांना गार-गरम कळत नाही, म्हणून मी बटण कधी चाचपडत नाही, डोळ्यानं बघून दाबतो. बघूनच दाबलं होतं. हिरवं.

आणि फळ्यावर लाल. एका मतानं कायदा पडला.

"काय लुकिच," मागच्या बाकावरनं साखरवाला होर्दी ओरडला, "मकारोविच दवाखान्यातनं रिमोटनं दाबतायत वाटतं!" सगळी रांग हसली. मीही हसलो. हसता हसता परत फळ्याकडं बघितलं. पुढचं मतदान होईपर्यंत ते ठिपके तसेच राहतात. एवढ्या हिरव्यात तो एकटा लाल. भट्टीच्या दाराला भोक असतं ना, निळी काच लावून त्यातनं आत बघतात, ते भोक बाहेरनं अंधारात तसं दिसतं. आपण त्यातनं आत बघायचं असतं. आतनं कुणी बाहेर बघायचं नसतं.

अध्यक्षांनी घंटी मारली. म्हणाले, जेवून या, दुपारी याच विषयावर पुन्हा मतदान. ही आमची रीत. पडलं की जेवायचं आणि पुन्हा टाकायचं, उभं राहीपर्यंत.

तेवढ्यात खिशात फोन वाजला. मेलान्या, तिखोनची बायको. त्यांच्या पोरीला बाप्तिस्म्याच्या वेळी मी हातात धरलं, तेव्हापासून आम्ही एकमेकांचे कूम. भाऊ भांडतो, कूम भांडत नाही, असं आमच्यात म्हणतात. मेलान्या मला नावानं हाक मारत नाही, कूमच म्हणते.

"कूम, गेला तो."

"कधी?"

"आत्ताच. म्हणजे मघाशी. मी खिडकी उघडली. नर्स ओरडली, थंडी आत येते म्हणून. म्हटलं, बाई, येऊ दे थंडी, त्याला बाहेर जायचंय."

मी फोन कानाला धरून उभा, आणि समोर फळ्यावर त्याचं नाव, त्यापुढं तो ठिपका. मेलान्या रडत नव्हती. मागनं वाऱ्याचा आवाज येत होता, पडदा आपटत असावा. मी म्हटलं, येतो. म्हणाली, "सावकाश या, आता घाई कसली. तुमचं काम उरका."

तुमचं काम उरका. काम काय होतं ते सांगतो. आमच्या जुन्या कारखान्यांच्या धुराड्यांना फिल्टर बसवायची सक्ती होती, ती आणखी दहा वर्षं पुढं ढकलायची. ढकलली नाही तर वसंतात जुन्या भट्ट्या बंद. त्यात आमची दोन नंबरची, निप्रो नदीकाठची, जिच्यासमोर मी आणि तिखोननं ऐन जवानी भाजून काढली. फिल्टरला पैसा नाही, भट्टीला पर्याय नाही, आणि भट्टी विझवणं म्हणजे दिवा मालवणं नव्हे. आतलं लोखंड तळाशी गोठून बसतं. त्याला आम्ही बोकड म्हणतो. एकदा बोकड बसला की सुरुंग लावल्याशिवाय हलत नाही, भट्टी मेली. भट्टी मेली की वसाहत मेली. शाळा, बेकरी, ट्राम, सगळं त्या एका धगीवर. हे मी अख्ख्या देशात सांगत फिरलोय. कारखानदारांच्या लीगचा अध्यक्ष मला उगीच नाही केला. मंत्र्याच्या टेबलावर मूठ आपटून बोलणारा दुसरा नव्हता त्यांच्याकडं. शिकलेले होते ढीगभर. मी रात्रशाळेतला, तीही अर्धी झोपेत. पण मी बोलायला लागलो की मंत्री पाणी मागायचा.

म्हणजे त्या दुपारी काय टांगणीला होतं, ते कळलं ना? सगळंच. आणि कमी किती, तर एक मत.

मी रोस्तिकला गाठलं. तो कॉरिडॉरमध्ये, सफरचंद खात. मी म्हटलं, "तिखोन गेला."

सफरचंद तसंच तोंडाशी राहिलं. "कुणाला सांगितलंत?"

"तुला."

"मग मलाही नाही सांगितलंत." त्यानं आजूबाजूला बघितलं आणि माझी बाही धरली, बापाची धरावी तशी, प्रेमानं. "लुकिच, ऐका. कार्ड बंद व्हायला कागद यावा लागतो. दाखला, शिक्का, सही. तो येणार उद्या. तोवर मकारोविच जिवंत आहेत. देव त्यांना शंभर वर्षं देवो."

"मेलाय तो, रोस्तिक."

"कागदावर नाही मेला. आणि सकाळी तुमचं बोट घसरलं, त्याचं काय? वय झालंय, चालायचंच. दुपारी जरा चष्मा लावा." मग हळूच, "भट्टी माझी नाहीये, लुकिच. तुमची आहे. आणि त्यांचीही होती. त्यांनी काय केलं असतं, तुम्हीच सांगा."

तिखोननं काय केलं असतं. मी खाली कँटीनला गेलो, बोर्श घेतलं. बीटाचं लाल सूप, वर मलईचा गोळा. चमचा घातला आणि ढवळत बसलो. जेवण जाईना. आदल्या दिवशी दुपारीच मी दवाखान्यात गेलो होतो, कार्ड आणायला. माणसाला भेटायला गेलो असं म्हणतो मी, पण गेलो कार्डासाठी. मेलान्यानं ते त्याच्या कोटाच्या खिशातनं काढून दिलं. तिखोन बघत होता. छातीतनं आवाज येत होता, ओल्या कोळशाला आग लावल्यासारखा. मी खुर्ची ओढली, म्हटलं, कूम, उद्या फिल्टरचं मतदान. हिरवं ना? तो माझ्याकडं बघत राहिला. मग म्हणाला, "तिकडं, भट्टीकडं, बर्फ पडला का रे?" म्हटलं, पडला. "कुठल्या रंगाचा?" मी हसलो. आमच्याकडं बर्फ पांढरा पडतो आणि जेवण होईस्तोवर धुराड्यांच्या धुळीनं तांबूस होतो. पोरं त्याला गाजराचा बर्फ म्हणतात. धुतलेली चादर दोरीवरनं काढायला उशीर झाला तर परत धुवावी लागते. हे त्याला काय माहीत नाही? मी म्हटलं, रंगाचं काय घेऊन बसलास, बरा हो आधी. त्यानं तोंड भिंतीकडं फिरवलं. मी ते हो समजलो. दमलेला माणूस भिंतीकडं तोंड फिरवतो, त्याचा अर्थ काय लावायचा? मी हो लावला. मला हो हवं होतं.

बोर्श गार झालं, वर लाल साय धरली. मी वर आलो. जेवणाच्या सुट्टीत सभागृह रिकामं असतं. माणसानं भरलेलं असताना ती जागा बाजारासारखी वाटते, रिकामी असताना विहिरीसारखी. रांगांवर रांगा, प्रत्येक बाकावर एक बारका दिवा. जिथं कार्ड आत आहे तिथला दिवा जळतो, जिथं नाही तिथला विझलेला. तिखोनचा जळत होता. कार्ड अर्धं बाहेर, त्यावरचा फोटो माझ्याकडं तोंड करून. फोटो जुना, त्यात त्याचे गाल भरलेले. मी माझ्या जागी बसलो. आणि मला खोकला ऐकू आला.

माझा नव्हता. वरच्या कर्ण्यांतनं आला, सगळ्या सभागृहातनं एकदम, जसा कुणाचा माइक उघडा राहिल्यावर येतो. एकदाच. ओला, खालनं ओढलेला. दूर टोकाला सफाईवाली बाई बाकं पुसत होती, तिनंही मान वर केली. "कोण आहे हो तिकडं?" म्हणजे मी एकट्यानंच ऐकला असं नव्हे. ती पुसत पुसत आमच्या रांगेत आली, तिखोनचं बाक पुसलं, हात थांबवला. "हे साहेब आत्ताच उठून गेले का?"

"का गं?"

"गरम आहे."

"दिवा जळतोय त्यामुळं."

"दिव्यानं एवढं?" तिनं फडकं खांद्यावर टाकलं. "माझी आई अशी गरम जागा सोडून बसायची. म्हणायची, कुणाची तरी आहे." आणि पुढच्या बाकाकडं गेली. मी हात लावून बघितला. पण लावला नेमका डावा. डाव्याच्या मेल्या बोटांना काय कळणार. उजवा लावायचं धाडस झालं नाही, खरं सांगतो. लाल रसाच्या नाल्यावरनं उड्या मारलेला माणूस मी, आणि एका लाकडी फळीला हात लावेना.

बसल्या बसल्या मनात आलं, पूर्वी मत म्हणजे हातच असायचा. मला डायरेक्टर केलं ते साल आठवलं. सोव्हिएतचे शेवटचे दिवस, वरनं हुकूम आला की आता कामगारांनी आपला डायरेक्टर आपण निवडायचा. सगळे म्हणाले, ही काहीतरी थट्टा आहे. अख्खी पाळी कारखान्याच्या अंगणात उभी, थंडीनं तोंडातनं वाफा, मंचावर पार्टीचा माणूस आणि त्यानं ठरवून आणलेला इंजिनियर. कोण हात वर करतंय याकडं सगळे चोरून बघतायत. आणि तिखोन कच्च्या लोखंडाच्या राशीवर चढला, माझ्याकडं बोट करून म्हणाला, "मला पानास पाहिजे. शिव्या देतो, पण आधी स्वतः आत शिरतो." आणि हात वर केला. एकटा. भट्टीवाल्याचा तो जाड वाखाचा हातमोजा, करपलेला, आभाळात. तसाच धरून राहिला. किती वेळ कोण जाणे, मला तर वाटलं त्याचा हात गळून पडेल. मग दुसरा वर गेला, मग जंगलच झालं हातांचं. तिथनं मी डायरेक्टर, तिथनं लीग, तिथनं कीव्ह, ही मऊ खुर्ची. आणि पुढं तिखोनलाही मीच ओढून आणला, शेजारी ओळखीचं माणूस असावं म्हणून. त्याला इथं करमायचं नाही. म्हणायचा, "कूम, इथं हात दिसत नाहीत रे. नुसते ठिपके." मी म्हणायचो, म्हाताऱ्या, सवय होईल. सालोचे, म्हणजे खारवलेल्या डुकराच्या चरबीचे, तुकडे कागदात बांधून आणायचा आणि बाकाखाली मला सरकवायचा, भाषणं चालू असताना. लसणाचा वास अध्यक्षांपर्यंत जायचा.

त्यानं काय केलं असतं. रोस्तिकचा प्रश्न डोक्यातनं जाईना. आणि मग फेदीर आठवला. वास्तविक मी त्याला आठवू देत नाही. आम्ही तिघं एकाच पाळीत होतो, फेदीर आमच्यात धाकटा, गाणारा. उकळत्या लोखंडाच्या पिंपावरच्या फळीवरनं पाय सटकला त्याचा. आवाजसुद्धा नाही आला. नुसता एक भपकारा, आणि वरचा मळ जरासा हलला, बस. काढायला काही उरत नाही. तुम्ही भट्टीवाले नाही म्हणून सांगतो, आमच्यात रीत आहे. ज्या रसात माणूस गेला तो रस कामाला लावत नाहीत. वेगळा ओततात, गार करतात, आणि तो ठोकळा पुरतात, माणूस म्हणून. पण महिनाअखेर होती, वरनं ठरवून दिलेल्या प्लॅनला थोडं लोखंड कमी पडत होतं. तेव्हाचा डायरेक्टर आला, म्हणाला, वाईट झालं, कुटुंबाला मदत देऊ, गाडी पुढं जाऊ द्या. पिंपाची गाडी रुळावर उभी, इंजिन जोडलेलं. आम्ही सगळे टोपी हातात धरून खाली बघतोय. आणि तिखोन जाऊन रुळावर उभा राहिला. इंजिनसमोर.

"बाजूला हो रे," डायरेक्टर म्हणाला. "लोखंड गोठेल."

"हे लोखंड नाही. हा फेदीर आहे."

"प्लॅन कोण भरणार, तुझा बाप?"

"मी भरतो. डबल पाळी करतो. पण फेदीरला प्लॅनमध्ये धरायचा नाही. जिवंत होता तेव्हा रोज धरलात. आता नाही."

इंजिनवाल्यानं शिट्टी दिली, तिखोन हलला नाही. शेवटी इंजिनवालाच खाली उतरला. मग आम्ही सगळे उभे राहिलो, मीही. पण पहिला नव्हतो. ठोकळा क्रेननं कबरस्तानात नेला. फेदीरची आई मध घालून शिजवलेले गहू घेऊन आली, एकेक चमचा आम्हाला दिला, एक मातीवर ठेवला. तो ठोकळा आत पुरता गार झालेला नव्हता. त्या हिवाळ्यात सगळ्या थडग्यांवर बर्फ साचला, त्या एका जागी साचला नाही. काळी ओली माती, आणि तिच्यातनं वाफ. बायका म्हणायच्या, श्वास घेतोय. आम्ही तिकडून जाताना आवाज न करता जायचो.

घंटी झाली. माणसं तोंडं पुसत परत आली. होर्दीनं माझ्या पाठीवर थाप मारली, "लुकिच, आता नीट हं, नाहीतर तुम्हाला चष्म्याचा खर्च लीगकडनं." रोस्तिक पुढं जाऊन उभा राहिला, माझ्याकडं बघून त्यानं डोळा मिचकावला. अध्यक्षांनी वाचलं, तेच, पुन्हा. बाहेर धुकं होतं की संध्याकाळ होत होती, काचेतनं काही कळत नव्हतं. मी दोन्ही हात बाकांवर ठेवले, उजवा माझ्या, डावा त्याच्या. फळा कोरा झाला. सगळी नावं एकदम विझली, आणि त्या क्षणी मला वाटलं, आम्ही सगळेच गेलो. आता कोण परत येतंय बघायचं.

रोस्तिकचा पंजा वर गेला.

भट्टीसाठी सांगतो, मला ते मत हवं होतं. आजही हवं आहे. मी काही संत नाही, आणि तिखोन धुरानं मेला म्हणून धुराचा वैरी व्हावं असंही मला अचानक वाटलं नाही. धूर म्हणजे पोटाला मिळतंय, हे मी आईच्या दुधातनं शिकलोय. पण माझा डावा हात त्या बाकावर होता आणि मला रुळावर उभा राहिलेला माणूस दिसत होता, आणि इंजिनमध्ये बसलेला कोण, तर मी. शिट्टी मीच देत होतो. फळ्यावर मतदानाच्या सेकंदांचे आकडे उलटे पळायला लागले. मी डाव्या हातानं कार्डाला धरलं आणि ओढलं. मला वाटलं होतं अडकेल. नाही अडकलं. कुणी आतनं हळूच पुढं सरकवावं तसं आलं हातात. बारका दिवा विझला.

रोस्तिकनं ते बघितलं. पंजा वरच ठेवून तो बाकांमधनं पळत आला. "टाका! लुकिच, टाका ते आत! वेळ आहे अजून!"

"तो मेलाय."

"हळू! हळू बोला!"

"मेलाय तो," मी मोठ्यानं म्हटलं. भट्टीसमोर ओरडायची सवय, आवाज काही कमी निघत नाही. "तिखोन मकारोविच आज सकाळी वारला."

मागं खुर्ची वाजली. वळून बघितलं तर होर्दी उभा. तोंडातलं हसू कुठं ठेवावं त्याला कळत नव्हतं. त्यानं छातीवर क्रूस केला. त्याच्या शेजाऱ्यानं केला. रोस्तिकनं माझ्या मुठीला हात घातला, बोटं उघडायला बघत होता, आणि मी त्याला सांगत होतो, "सोड, पोरा, लागेल तुला." उजव्या हातानं मी माझं बटण दाबलं. हिरवं. बघून दाबलं.

फळा उजळला. माझ्या नावापुढं हिरवा. त्याखाली तिखोनचं नाव, पुढं काही नाही. काळं. एक मत कमी. अध्यक्ष म्हणाले, ठराव नामंजूर, आणि पुढचा विषय घेतला, दुधाच्या दराचा की कशाचा.

रोस्तिक माझ्यासमोर उभा, चेहरा पिठासारखा. "लीगला काय सांगू मी? सांगा ना, काय सांगू?"

"सांग, पानासनं हिरवं दाबलं. एकदा."

"तुम्ही संपलात, लुकिच. कळतंय का तुम्हाला?"

कळत होतं. वसाहतीतल्या बायका मला काय म्हणतील तेही कळत होतं, आणि त्यांचं खरंच असेल. मी उठलो. माझी रांग मला वाट देताना जरा जास्तच लांब सरकली, मला नव्हे, माझ्या मुठीतल्या त्या कार्डाला. बाहेर कॉरिडॉरमध्ये खिडकीपाशी उभा राहिलो आणि मेलान्याला फोन लावला. म्हटलं, निघतोय.

"बरं," ती म्हणाली. "कूम, सूट घालू की त्याचं ते भट्टीवरचं जाकीट? जाकीट करपलंय बाहीला."

"जाकीट घाल."

"मलाही तेच वाटत होतं." मागं आता वारा नव्हता, खिडकी लावलेली असावी. "तुम्हाला एक सांगू? कुणाला सांगितलं नाही. शेवटी शेवटी त्याचा डावा हात नुसता थरथरत होता, पलंगावर आपटत होता, बोटं दाबल्यासारखी. आणि म्हणाला, सोड ना रे आता, हात सोड. दोनदा म्हणाला. पार चिडून. मी बघितलं, कूम, खोलीत कुणी नव्हतं. मी पण लांब होते, खिडकीपाशी. त्याचा हात कुणी धरलाच नव्हता."

खाली रस्त्यावर ट्राम गेली, काच हलली.

"सोडला, मेलान्या," मी म्हटलं. "आत्ताच सोडला."